काटेरी झाडाखाली : आयर्लंडचा महादुष्काळ आणि मुलांचे वाचन

मुलांसाठी लिहिलेली ऐतिहासिक कादंबरी हा वाङ्मयप्रकार आयर्लंडमध्ये उशिरा रुजला, आणि ज्या घटनेने त्या देशाची लोकसंख्या, भाषा व शेतजमिनीची वाटणी कायमची बदलून टाकली, त्या १८४५ नंतरच्या महादुष्काळाला या प्रकारात ठसठशीत जागा मिळायला तर जवळजवळ दीडशे वर्षे जावी लागली. ही जागा करून देणारी लेखिका म्हणजे मारिता कॉनलन-मकेना. १९५६ साली डब्लिनमध्ये जन्मलेल्या या लेखिकेची ‘अंडर द हॉथॉर्न ट्री’, म्हणजे ‘हॉथॉर्नच्या झाडाखाली’, ही पहिली कादंबरी १९९० साली प्रसिद्ध झाली. आई-वडिलांपासून ताटातूट झालेली तीन भावंडे दुष्काळात दूरच्या नातेवाइकांचे घर शोधत पायी निघतात, एवढेच तिचे कथानक आहे. तिचे भाषिक किंवा रचनेचे गुण बेताचेच आहेत, हे आरंभीच सांगून टाकलेले बरे. तरीही आयर्लंडच्या दुष्काळस्मृतीचा इतिहास लिहिणाऱ्याला या लहानशा पुस्तकाशी थांबावे लागते, कारण सरकारी अहवालांनी, राष्ट्रवादी वक्त्यांनी आणि विद्यापीठीय संशोधकांनी आपापल्या कारणांनी बाजूला ठेवलेला एक साधा प्रश्न, म्हणजे त्या दिवसांत माणसे रोज नेमके काय खात होती, हा त्याने मध्यभागी आणला.

या प्रश्नाचे दुष्काळापूर्वीचे उत्तर एका शब्दात देता येत असे : बटाटा. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात आयर्लंडमधील सुमारे तीस लाख माणसे, म्हणजे एकूण लोकसंख्येच्या तिसऱ्या हिश्श्याहून अधिक, जवळपास केवळ बटाट्यावर जगत होती, आणि अंगमेहनत करणारा गडी दिवसाकाठी ५ ते ६ किलो बटाटे ताकाबरोबर खात असे. जमीन मोठ्या जमीनदारांची, त्यांच्याखाली मध्यम खंडकरी, आणि तळाशी ‘कॉटियर’ म्हणून ओळखले जाणारे अल्पभूधारक मजूर अशी ती उतरंड होती. कॉटियर हा झोपडीपुरती जागा आणि बटाट्यापुरता जमिनीचा तुकडा घेई व त्याचा खंड पैशांऐवजी बहुधा राबून फेडी. बटाट्याची लागवड उंच वरंब्यांवर होत असे. ओल्या, दगडाळ, उताराच्या जमिनीत पाणी सरीतून निघून जावे आणि कंद कोरडे राहावेत यासाठी फावड्याने माती दोन्ही बाजूंनी वर ओढून हे वरंबे बांधले जात. पश्चिम किनाऱ्यावरील डोंगरउतारांवर, जिथे आज कोणीच राहत नाही आणि मेंढ्या चरतात तिथे, तिरपे ऊन पडले की हिरवळीखाली या वरंब्यांच्या समांतर रेघा अजूनही दिसतात. ‘लंपर’ नावाचे ओबडधोबड, पाणचट पण भरघोस येणारे वाण गरिबांच्या वाट्याला आले होते, आणि एकाच वाणाच्या कंदांपासून वर्षानुवर्षे लागवड होत राहिल्याने रोग आला तर सर्व शेते सारखीच बळी पडणार हे ठरलेलेच होते.

तो रोग १८४५च्या शरद ऋतूत आला. बटाट्यावरील उशिराचा करपा म्हणून शेतकऱ्यांना परिचित असलेला हा रोग फायटोफ्थोरा इन्फेस्टन्स या बुरशीसारख्या सूक्ष्मजीवामुळे होतो. दमट हवेत त्याचे बीजाणू वाऱ्याबरोबर पसरतात, पाने काळी पडतात आणि जमिनीतील कंद सडून त्यांचा काळा, दुर्गंधीयुक्त लगदा होतो. पहिल्या वर्षी पिकाचा मोठा भाग गेला, तरी काही उरले. १८४६ साली मात्र जवळपास सर्वच पीक हातचे गेले. १८४७ साली रोगाचा जोर कमी होता, पण बियाण्याचे बटाटे आधीच खाऊन संपलेले असल्याने लागवडच थोडी झाली होती, आणि १८४८ साली करपा पुन्हा परतला. १८४१च्या जनगणनेत सुमारे ८१ लाख ७५ हजार असलेली लोकसंख्या १८५१ साली सुमारे ६५ लाख ५२ हजारांवर आली. दहा लाखांच्या आसपास माणसे मेली, त्यातली बहुतेक प्रत्यक्ष उपासमारीने नव्हे तर भुकेने खंगलेल्या शरीरावर चालून आलेल्या टायफस, उलटून येणारा ताप आणि हगवण या रोगांनी. आणि दहा लाखांहून अधिक माणसे देश सोडून गेली.

मदतीचा इतिहास मृत्यूच्या इतिहासाइतकाच गुंतागुंतीचा आहे. पंतप्रधान रॉबर्ट पील यांनी १८४५च्या अखेरीस १ लाख पौंड किमतीचा अमेरिकन मका गाजावाजा न करता मागवला. तो टणक मका नीट दळायला पुरेशा गिरण्या नव्हत्या, शिजवायचा कसा हे घरोघरच्या बायकांना ठाऊक नव्हते, आणि अर्धवट भरडलेल्या त्या पिवळ्या कण्यांनी पोटे बिघडू लागल्यावर लोकांनी त्याला ‘पीलचे गंधक’ असे नाव ठेवले. पुढच्या वर्षी सत्तेवर आलेल्या जॉन रसेल यांच्या सरकारने बाजारात हस्तक्षेप न करण्याचे धोरण धरले आणि मदतीचा मुख्य भार दुष्काळी कामांवर टाकला. खडी फोडायची, रस्ते बांधायचे आणि त्याच्या मजुरीतून धान्य विकत घ्यायचे, अशी ही पद्धत होती. दिवसाची मजुरी साधारण ८ ते १० पेन्स, तीही पुष्कळ ठिकाणी कामाच्या मापावर. म्हणजे जो जास्त उपाशी तो कमी खडी फोडणार आणि जो कमी फोडणार त्याला कमी पैसे मिळणार. १८४७च्या मार्चमध्ये या कामांवर सात लाखांहून अधिक माणसे होती. त्यांनी बांधलेल्या काही रस्त्यांना कुठलेच गाव लागत नाही. ते माळावर सुरू होतात आणि दलदलीत संपतात. कामे अपुरी पडतात हे कळल्यावर सरकारने ती बंद करून सार्वजनिक अन्नछत्रे उघडली, आणि १८४७च्या जुलैत रोज तीस लाखांहून अधिक माणसांना पातळ पेज वा शिजवलेला शिधा मिळू लागला. साऱ्या मदतकार्यात परिणामकारक ठरलेला उपाय बहुधा हाच, आणि तोच काही महिन्यांत बंद करण्यात आला. पुढचा भार दरिद्रगृहांवर, म्हणजे ‘वर्कहाऊस’ नावाच्या कोंडवाडेवजा सरकारी इमारतींवर पडला; तिथे नवरा, बायको आणि मुले यांना वेगवेगळ्या विभागांत ठेवले जाई. त्यातच पाव एकराहून, म्हणजे दहा गुंठ्यांहून, अधिक जमीन धरून असलेल्या कुटुंबाला मदत नाही असे कलम कायद्यात घातले गेल्याने, पोटासाठी जमीन सोडायची की जमिनीसाठी पोट मारायचे, एवढीच निवड हजारो कुळांपुढे उरली.

या धोरणाची सूत्रे ब्रिटिश अर्थखात्यात ज्यांच्या हाती होती, ते चार्ल्स ट्रेव्हेल्यन हे ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत दिल्ली आणि कलकत्ता इथे घडलेले अधिकारी होते, आणि आयर्लंडनंतर ते मद्रासचे गव्हर्नर व पुढे हिंदुस्थान सरकारचे अर्थसदस्यही झाले. मदत ही श्रमाच्या मोबदल्यातच द्यावी, ती बाजारभावाला धक्का लावणारी नसावी आणि ती इतकी थोडी असावी की गरजवंताखेरीज कोणी तिच्याकडे फिरकू नये, ही विचारसरणी त्यांच्यासारख्यांच्या हयातीतच दख्खनपर्यंत पोचली. १८७७च्या जानेवारीत हिंदुस्थान सरकारने पाठवलेले अधिकारी सर रिचर्ड टेंपल यांनी दुष्काळी कामांवरच्या मजुराचे रोजचे धान्य एक पौंडापर्यंत खाली आणले, तेव्हा मुंबई इलाख्यातील मजुरांनी कामे सोडली आणि पुणे सार्वजनिक सभेला त्यांच्या बाजूने सरकारकडे कैफियती पाठवाव्या लागल्या. उलट दिशेनेही एक धागा जातो : आयर्लंडसाठी परदेशात अगदी सुरुवातीला जिथे निधी गोळा झाला, त्या ठिकाणांत कलकत्ता होते.

दुष्काळाच्या या नोंदींमध्ये मुले सर्वत्र आहेत आणि तरीही ती कुठे ठळक दिसत नाहीत. दरिद्रगृहांतील रहिवाशांचा निम्म्याच्या आसपास भाग पंधरा वर्षांखालील मुलांचा होता. १८४८ ते १८५० या काळात दरिद्रगृहांतील चार हजारांहून अधिक अनाथ मुली ऑस्ट्रेलियातील वसाहतींकडे जहाजांनी पाठवण्यात आल्या, कारण तिथे मोलकरणी आणि बायका यांचा तुटवडा होता. प्रत्येक मुलीला कपड्यांची एक पेटी आणि प्रार्थनेचे पुस्तक मिळाले. कॅनडात सेंट लॉरेन्स नदीतील ग्रोस-ईल या विलगीकरणाच्या बेटावर १८४७ साली पाच हजारांहून अधिक माणसे पुरली गेली, आणि मागे उरलेल्या पोरक्या मुलांपैकी पुष्कळांना फ्रेंचभाषक कुटुंबांनी घरात घेतले. त्यांतल्या अनेकांची आयरिश आडनावे कायम राहिली. एवढे असूनही या मुलांनी स्वतः सांगितलेले फारच थोडे उरले आहे. नोंद करणारे कारकून, पाद्री, डॉक्टर आणि प्रवासी हे सगळे मोठे होते, आणि मुलांकडे त्यांनी संख्या म्हणून किंवा करुण दृश्य म्हणूनच पाहिले.

कॉनलन-मकेना यांच्या हाती जो धागा लागला तो असाच एका निनावी खुणेचा होता. दुष्काळकाळातील मुलांचे, वर कसलाही दगड नसलेले थडगे एका हॉथॉर्नच्या झाडाखाली सापडल्याची बातमी त्यांनी रेडिओवर ऐकली आणि तिथून कादंबरी सुरू झाली. यातले झाड निव्वळ योगायोगाचे नाही. हॉथॉर्न हे आयर्लंडच्या बांधाबांधांवर उगवणारे बुटके काटेरी झाड. मे महिन्यात ते पांढऱ्या फुलांनी झाकून जाते आणि शरदात त्याला बारीक लाल फळे धरतात. कुंपणातल्या हॉथॉर्नला कोणी विचारत नाही, पण मोकळ्या शेतात एकटे उभे असलेले हॉथॉर्न मात्र पऱ्यांचे, म्हणजे जमिनीखाली राहणाऱ्या अदृश्य लोकांचे मानले जाते, आणि ते तोडले तर घरात मरण येते किंवा गुरे दगावतात ही समजूत इतकी पक्की होती की नांगर त्याला वळसा घालून जाई. त्याची फुलेसुद्धा घरात आणत नसत.

याच समजुतीला दुसरी एक चाल जोडलेली होती. बाप्तिस्मा होण्याआधी मेलेल्या मुलाला कॅथलिक शिकवणुकीप्रमाणे पवित्र केलेल्या दफनभूमीत जागा नसे, कारण असा जीव स्वर्गात न जाता त्याच्या उंबरठ्यावर राहतो असे मानले जाई. त्यामुळे अशा अर्भकांना ‘किलीन’ नावाच्या वेगळ्या जागी पुरत. ओसाड पडलेल्या जुन्या चर्चचे आवार, प्राचीन वर्तुळाकार गढीचा बांध, दोन गावांची शीव, समुद्रकिनारा किंवा एकट्या काटेरी झाडाचे मूळ अशा जागा त्यासाठी निवडल्या जात. बाप किंवा घरातला दुसरा पुरुष बहुधा अंधार पडल्यावर मूल घेऊन जाई आणि खूण म्हणून एखादा न घडवलेला दगड ठेवून परत येई. आई सोबत नसे. ही चाल विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत टिकून होती. दुष्काळात तिची मर्यादा पुसली गेली, कारण बाप्तिस्मा झालेल्यांनाही आता पाद्री, शवपेटी आणि खड्डा खणण्याइतकी ताकद असलेला माणूस या तिन्ही गोष्टी मिळेनाशा झाल्या. काही ठिकाणी खालचा तळ बिजागरीवर उघडणारी एकच शवपेटी साऱ्या गावासाठी वापरत. प्रेत खड्ड्यात सोडायचे आणि पेटी पुढच्यासाठी परत न्यायची. कादंबरीच्या सुरुवातीला आई आपल्या तान्ह्या मुलीला चर्चच्या दफनभूमीत न नेता घरामागच्या हॉथॉर्नखाली पुरते, तेव्हा या साऱ्या चालीरीतींची ओळख असलेल्या आयरिश वाचकाला त्या एका कृतीतच अगतिकता आणि संरक्षण दोन्ही दिसतात, कारण त्या झाडाखालची माती कोणी उकरणार नाही, हे आईला ठाऊक असते.

अशा अनुभवावर इतकी वर्षे मुलांसाठी लिहिले का गेले नाही, याचे उत्तर शाळांपासून शोधावे लागते. १८३१ साली ब्रिटिश सरकारने आयर्लंडमध्ये ‘नॅशनल स्कूल’ ही सरकारी प्राथमिक शाळांची व्यवस्था सुरू केली आणि तिच्यासाठी क्रमिक पुस्तके छापली. ही पुस्तके इतकी चोख होती की ती इंग्लंडमध्ये आणि वसाहतींतही विकली गेली. त्यांत भूगोल होता, नीतिपाठ होते, अर्थशास्त्राचे धडे होते, आयर्लंडचा इतिहास मात्र जवळपास नव्हता. आयरिश बोलणाऱ्या मुलाच्या गळ्यात काठी अडकवून प्रत्येक आयरिश शब्दामागे तिच्यावर एक खाच पाडायची आणि संध्याकाळी खाचा मोजून छड्या द्यायच्या, ही पद्धतही याच पिढ्यांनी भोगली, आणि पुष्कळदा आई-बापांच्या संमतीने भोगली, कारण देश सोडून जायचे तर इंग्रजी लागणार हे दुष्काळाने शिकवले होते.

स्वातंत्र्यानंतर इतिहास शाळेत आला, पण तो वीरांचा इतिहास होता. वायकिंगांशी लढणारा ब्रायन बोरू, १७९८चे बंड, १९१६चा ईस्टरचा उठाव यांतून नव्या राष्ट्राची बांधणी करता येत होती; भुकेने मेलेल्यांतून काय बांधायचे, हे कळत नव्हते. ज्यांची जमीन दुष्काळात वाढली असे शेतकरीही याच राष्ट्रात होते. बेदखल झालेल्या शेजाऱ्याचे दहा गुंठे कोणाच्या बांधात गेले, कोणाचा आजोबा मुकादम होता, कोणाच्या घरी त्या वर्षी धान्य असूनही दार लावलेले होते, हे प्रश्न गावागावांत जिवंत होते आणि म्हणूनच त्यांवर बोलले जात नसे. वाचलेल्यांच्या मनात दुःखाबरोबर लाजही असते, आणि आयर्लंडच्या मौनात लाजेचा वाटा दुःखापेक्षा कमी नसावा.

या मौनाला पहिली फट पाडली ती मात्र मुलांनीच. १९३५ साली स्थापन झालेल्या आयरिश लोकसाहित्य आयोगाने १९३७ ते १९३९ या काळात प्राथमिक शाळांतील वरच्या वर्गांच्या मुलांना आपल्या गावातील म्हाताऱ्यांकडून जुन्या गोष्टी, समजुती आणि आठवणी वहीत उतरवून आणायला सांगितले. सुमारे पाच हजार शाळांमधील पन्नास हजारांच्या आसपास मुलांनी हे काम केले, आणि शिक्षकांना दिलेल्या विषयांच्या यादीत दुष्काळाचे दिवस हाही एक विषय होता. निबंधाच्या रेघी वह्यांमध्ये, गोल शालेय अक्षरात, कोणत्या शेताच्या कोपऱ्यात कोण पुरले आहे, कोणत्या घरासमोर मक्याच्या पेजेची कढई होती, कोणत्या बाईने शेवटचा बटाटा कोणाला दिला अशा गोष्टी उतरल्या. मुलांसाठी दुष्काळ लिहिला जाण्याच्या पन्नास वर्षे आधी मुलांनी दुष्काळ लिहून ठेवला होता.

विद्वानांची गती याहून मंद होती. दुष्काळाच्या शताब्दीनिमित्त १९४०च्या दशकात सरकारी प्रोत्साहनाने हाती घेतलेला संशोधनग्रंथ १९५०च्या दशकाच्या उत्तरार्धात कसाबसा बाहेर पडला, आणि त्यात मृत्यू किती झाले हा प्रश्नच जवळपास टाळलेला होता. १९६२ साली सेसिल वुडहॅम-स्मिथ या ब्रिटिश लेखिकेचे ‘द ग्रेट हंगर’ हे दुष्काळावरचे सविस्तर, संतप्त आणि अत्यंत वाचनीय पुस्तक आले व ते प्रचंड खपले, तेव्हा डब्लिनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमध्ये पुढच्याच वर्षी इतिहासाच्या विद्यार्थ्यांना ती एक थोर कादंबरी आहे या विधानावर निबंध लिहायला सांगण्यात आले. प्राध्यापकांचा हा टोमणा होता. पण त्यातून हेही दिसते की भुकेचे वर्णन वाचकाला भिडले की ते इतिहासाच्या बाहेर टाकायचे, ही त्या काळच्या अभ्यासशिस्तीची सवयच होती.

मुलांच्या पुस्तकांचा धंदा तर फारच मागे होता. पॅट्रिशिया लिंच आणि आयलीश डिलन या दोन मोठ्या लेखिकांनी अनुक्रमे १९३०च्या आणि १९४०च्या दशकांपासून मुलांसाठी विपुल लिहिले. लिंच यांच्या गोष्टींत पीट खणणारे मजूर, गाढवे, फिरस्ते आणि पऱ्या आहेत, डिलन यांच्या गोष्टींत पश्चिमेकडची बेटे आणि होड्या. पण त्यांचे प्रकाशक बहुतांशी लंडनचे होते, आणि आयर्लंडमधल्या मुलाच्या हाती पडणारे गोष्टीचे पुस्तक बहुधा इंग्लंडहूनच येत असे, ज्यात निवासी शाळा, क्रिकेट आणि चहाच्या वेळचे केक असत. १९७४ साली मायकल ओ’ब्रायन यांनी वडिलांच्या साथीने डब्लिनमध्ये ओ’ब्रायन प्रेस काढला. १९८०च्या दशकात या आणि अशा काही लहान प्रकाशनांनी मुलांच्या पुस्तकांकडे मोर्चा वळवला, आणि दशक संपतासंपता बालवाङ्मयासाठी स्वतंत्र न्यास व वार्षिक पारितोषिकेही उभी राहिली. ‘अंडर द हॉथॉर्न ट्री’ याच प्रकाशनाकडून, डॉनल्ड टेस्की यांच्या काळ्यापांढऱ्या चित्रांसह निघाले. लेखिकेकडे विद्यापीठीय इतिहासाची तालीम नव्हती, आणि कदाचित म्हणूनच इतिहासकारांच्या वादांना घाबरण्याचे तिला कारण पडले नाही.

कादंबरीतील आयली, मायकल आणि पेगी या भावंडांचे वडील दुष्काळी रस्त्याच्या कामावर जातात आणि परत येत नाहीत. आई त्यांना शोधायला निघते आणि तीही परतत नाही. घर सोडावे लागल्यावर इतरांबरोबर दरिद्रगृहाकडे नेली जात असताना ही मुले निसटतात आणि आईच्या गोष्टींतून ऐकलेल्या नॅनो व लीना या आजीच्या बहिणींच्या गावाकडे चालू लागतात. या पुस्तकाची खरी ताकद चालण्यात नाही, खाण्यात आहे. जवळजवळ प्रत्येक प्रकरणात काहीतरी शोधले जाते, सोलले जाते, शिजवले जाते किंवा कच्चेच गिळले जाते. त्यातला सर्वांत धक्कादायक प्रसंग जिवंत गाईचे रक्त काढण्याचा आहे : रात्री कुरणात शिरायचे, गाय मरणार नाही आणि मालकाला कळणार नाही अशा बेताने मानेची शीर हलकेच उघडायची, भांड्यात रक्त धरायचे, जखम बंद करायची आणि ते रक्त विस्तवावर घट्ट करून खायचे. हा प्रसंग लेखिकेच्या कल्पनेतून आलेला नाही. दुष्काळकाळात आणि त्याआधीच्या टंचाईच्या उन्हाळ्यांतही गुरांचे रक्त काढून ते ओटच्या पिठात किंवा पाल्यात मिसळून भाजून खाल्ले जात असे, आणि लोकसाहित्य आयोगाच्या नोंदींत त्याच्या आठवणी आहेत. गाय मारणे हा गुन्हा होता, शिवाय मारलेली गाय एकदाच पोट भरते. शीर उघडलेली गाय पुन्हा उपयोगी पडते. हा हिशेब करणारे मूल वाचकाला भेटले की १८४७ साल त्याला वेगळे समजावून द्यावे लागत नाही.

कादंबरीत एक दृश्य असे आहे की ज्यावर इतिहासकारांचा आक्षेप येऊ शकतो. बंदराकडे निघालेले धान्य सैनिकांच्या पहाऱ्यात जात आहे आणि रस्त्यावर उपाशी माणसे ते पाहत आहेत, हे चित्र राष्ट्रवादी परंपरेत इतके घोटले गेले की दुष्काळ म्हणजे निर्यात असे समीकरणच होऊन बसले. आकडे काहीसे वेगळे सांगतात : १८४७ साली आयर्लंडमध्ये आलेले धान्य बाहेर गेलेल्या धान्यापेक्षा पुष्कळ अधिक होते. परंतु १८४६च्या शरदात आणि हिवाळ्यात, पीक बुडाल्यानंतर आणि मक्याची जहाजे पोचण्याआधी, निर्यात चालूच होती, आणि माणसे मेली ती या फटीत. बंदरावरचे ते दृश्य साऱ्या दुष्काळाचा निवाडा म्हणून खोटे ठरेल, एका हिवाळ्याचे चित्र म्हणून ते खरे आहे; आणि मुलांच्या नजरेला वर्षाचा ताळेबंद दिसत नाही, समोरची गाडी दिसते.

याहून गंभीर दोष दोन आहेत. पहिला भाषेचा. दुष्काळाने ज्यांना सर्वाधिक मारले ते पश्चिमेकडील आणि दक्षिणेकडील गरीब लोक मोठ्या संख्येने आयरिशभाषक होते, आणि १८५१ साली जनगणनेत प्रथमच भाषेची नोंद झाली तेव्हा आयरिश बोलणारे जेमतेम १५ लाख उरले होते. कादंबरीतील मुले मात्र सफाईदार इंग्रजी बोलतात, आणि भाषा गमावणे हाही त्या काळचा एक मृत्यू होता याची जाणीव पुस्तकात फारशी नाही. पुढे त्याचा आयरिश अनुवाद झाला, तेव्हा ती कथा निदान आपल्या मूळ घरी पोचली. दुसरा दोष म्हणजे तिन्ही भावंडांचे जगणे. पेगीला ताप येतो, कुत्री अंगावर येतात, पण शेवटी तिघेही दार ठोठावतात आणि ते उघडते. उपाशी पोटी, उघड्यावर, तापाच्या साथीतून इतके अंतर चाललेली तिन्ही मुले वाचण्याची शक्यता फार थोडी होती. मुलांच्या पुस्तकाला आशा लागते, हे समर्थन नेहमी दिले जाते आणि ते काही अंशी मान्यही करावे लागते. तरी हॉथॉर्नखालच्या तान्ह्या बाळाने सुरुवातीला जे वजन कथेला दिले, ते शेवट काहीसे हलके करतो.

याच भावंडांवर लेखिकेने आणखी दोन पुस्तके लिहिली. १९९१च्या ‘वाइल्डफ्लॉवर गर्ल’मध्ये तेरा वर्षांची पेगी एकटीच बॉस्टनला जाऊन मोलकरीण होते, आणि १९९६च्या ‘फील्ड्स ऑफ होम’मध्ये उरलेल्यांच्या जमिनीची आणि खंडाची कहाणी येते. पहिल्या पुस्तकाच्या यशानंतर आयरिश प्रकाशकांना इतिहास खपतो असे दिसले : शिवॉन पार्किन्सन यांच्या ‘अमीलिया’त विसाव्या शतकाच्या आरंभीचे डब्लिन आले, जेरार्ड व्हेलन यांच्या ‘द गन्स ऑफ ईस्टर’मध्ये १९१६चा उठाव एका गरीब वस्तीतल्या मुलाच्या नजरेतून आला, आणि तोवर दुष्काळाची दीडशे वर्षे पाळण्यासाठी संग्रहालये, स्मारके आणि व्याख्याने यांचीही रीघ लागली. १९९४ साली रॉसकॉमन परगण्यातील स्ट्रोक्सटाऊन इथे दुष्काळाचे राष्ट्रीय संग्रहालय उघडले, तेही एका जमीनदाराच्या वाड्याच्या तबेल्यांत. ‘अंडर द हॉथॉर्न ट्री’ एव्हाना शाळाशाळांत वाचले जात होते, आणि १९९८ साली किलकेनी या शहरातील तरुणांच्या एका चित्रपट-संस्थेने त्याचे टीव्हीसाठी रूपांतर केले.

त्याच किलकेनीत, २००५ साली, जुन्या दरिद्रगृहाच्या आवारात व्यापारी संकुलासाठी खोदकाम चालू असताना दुष्काळकाळातील सामुदायिक दफनाचे खड्डे लागले. कोणत्याही नकाशावर त्यांची खूण नव्हती. पुरातत्त्वज्ञांनी तिथून किमान ९७० माणसांचे अवशेष बाहेर काढले, आणि त्यांपैकी निम्म्याहून अधिक मुले होती. पुष्कळांच्या हाडांवर स्कर्व्हीच्या, म्हणजे क जीवनसत्त्वाच्या अभावाने होणाऱ्या रोगाच्या खुणा सापडल्या; बटाटा रोज ते जीवनसत्त्व पुरवत होता, आणि त्याच्या जागी आलेल्या मक्यात ते नव्हते. मुलांना बहुतेक शवपेट्यांमध्येच, पण एकावर एक रचून पुरले होते. हे अवशेष २०१० साली त्याच परिसरातील स्मृतिउद्यानात पुन्हा पुरण्यात आले.